तीनशे एमबीपीएसचं फायबर घेतलं तरी टॅबवर गेम अडखळतोच, असं का?

तुझा प्रश्न थोडक्यात असा. आतल्या बेडरूममध्ये आरटीएक्स ३०६० ग्राफिक्स कार्डवाला पीसी आहे, तो वायफायवर आहे, तुला हॉलमध्ये सोफ्यावर लोळून टॅबवर गेम खेळायचाय. पीसीवरचा गेम टॅबवर दाखवणारं मूनलाइट ॲप टाकून बघितलंस, दोन मिनिटं मस्त चाललं आणि मग चित्र फुटायला लागलं, बटण दाबलं की पात्र अर्ध्या सेकंदाने उडी मारतंय. म्हणून शंभरचा प्लॅन बदलून तीनशेचा घेतलास आणि काडीचा फरक पडला नाही. आता विचारतोयस की ग्राफिक्स कार्ड बदलू, गेमिंग राउटर घेऊ का टॅबच बदलू, आणि पुढे मामाकडे पुण्याला गेल्यावर तिथून घरचा पीसी खेळता येईल का.

आधी पाकीट परत खिशात ठेव. मी कोल्हापुरात बारा-तेरा वर्षं लॅन केबलिंग आणि सीसीटीव्हीची कामं करतो, रात्री जेवण झाल्यावर स्वतः टॅबवर खेळतो, आणि या एकाच तक्रारीसाठी किती घरांत गेलो असेन ते मोजलेलं नाही, पण त्यातल्या बहुतेक घरांत नवीन लागलं ते एवढंच, पंधरा-वीस मीटर केबल.

इंटरनेटचा प्लॅन वाढवून फरक का नाही पडला ते पहिलं समजून घे, कारण तिथेच सगळे फसतात. तुझ्या पीसीवरचं चित्र टॅबवर जाताना इंटरनेटला हातच लावत नाही. पीसी ते राउटर, राउटर ते टॅब, संपला रस्ता. सगळं घरातल्या घरात. पुढच्या वेळी कुठेतरी रस्ता खोदताना जेसीबीने फायबर तोडलं आणि दिवसभर नेट बंद असलं ना, तेव्हा मुद्दाम मूनलाइट लावून बघ, आधी चालत होतं तेवढंच बरं किंवा वाईट चालेल. प्लॅन तीनशेचा असो नाहीतर हजारचा, तो राउटरच्या बाहेरच्या तोंडापर्यंतचा आकडा आहे, आत तुझ्या हॉलच्या हवेत काय चाललंय त्याच्याशी त्याचं देणंघेणं नाही.

मग तू म्हणशील की यूट्यूब तर फोर-केमध्ये कुठेही न अडकता चालतं त्याच टॅबवर, त्याच जागेवर. हो, चालणारच. यूट्यूबचं म्हणजे गच्चीवरच्या टाकीसारखं आहे, पुढचे काही सेकंद आधीच भरून ठेवलेले असतात, मधे नळाला दोन सेकंद पाणी नाही आलं तरी खाली बाथरूममध्ये कुणाला कळत नाही. गेमला टाकी बांधताच येत नाही, कारण पुढच्या सेकंदाला तू कुठलं बटण दाबणार ते पीसीला माहीत नाही, त्यामुळे पुढचं चित्र आधी बनवून ठेवणार कसं? इथे थेट नगरपालिकेच्या नळाला तोंड लावून प्यायचंय, एक उचकी आली तरी कळणार. तर इथे स्पीडपेक्षा सलग येण्याला किंमत आहे. पन्नास एमबीपीएस पण न थांबता, हे पाचशे एमबीपीएस पण दर दहा सेकंदाला एक झटका यापेक्षा शंभरपट चांगलं.

आता एका फ्रेमचा, म्हणजे एका चित्राचा हिशोब बघ. साठ एफपीएस म्हणजे दर १६.६७ मिलिसेकंदाला एक नवीन चित्र. १०८०पीचं साठ एफपीएसचं कच्चं चित्र तसंच्या तसं पाठवायचं तर सेकंदाला जवळजवळ ३ गिगाबिट लागतील, कुठल्याच घरच्या वायफायवर ते धड जाणार नाही. म्हणून पीसी ते दाबतो, २० मेगाबिटवर आणतो, म्हणजे दीडशेपट लहान करतो. हे दाबायचं काम गेम चालवणारा भाग करत नाही, एन्व्हिडियाच्या कार्डवर त्यासाठी वेगळा एनव्हेंक नावाचा भाग असतो, २०१२ च्या जीटीएक्स ६०० मालिकेपासून तो येतोय, एएमडी आणि इंटेलकडेही त्यांचं त्यांचं आहे. म्हणून ३०६० बदलायचं डोक्यातून काढ, या कामाला ते कार्ड भरपूर झालं, दहा वर्षं जुनं जीटीएक्स ९६० सुद्धा १०८०पी आरामात पाठवतं.

इतकं दाबायला जमतं कशामुळे, तर प्रत्येक चित्र पूर्ण पाठवत नाहीत, मागच्या चित्रात काय बदललं तेवढंच पाठवतात. यातच गोम आहे. मधलं एखादं पाकीट, म्हणजे डेटाचा तुकडा, हवेत हरवलं की त्याच्यावर उभी असलेली पुढची चित्रं पण बिघडतात, तू म्हणतोस ते ‘चित्र फुटणं’ म्हणजे हेच, हिरवे-करडे चौकोन. थोडीफार हरवाहरवी झाली तर भरून काढायला जास्तीची माहिती सोबत पाठवलेली असते, पण एकदम ढीगभर पाकिटं गेली की ती पुरत नाही.

आणि ती जातात कुठे, तर हवेत. वायफाय हा एकेरी पूल आहे रे. एका चॅनलवर एका वेळी एकच जण बोलू शकतो, राउटर बोलत असला की टॅब गप्प, टॅब बोलला की पीसी गप्प, शेजाऱ्याचा राउटर त्याच चॅनलवर असला तर तो बोलेपर्यंत तुमचं अख्खं घर गप्प. आता तुझा पीसीही वायफायवर आणि टॅबही वायफायवर, म्हणजे प्रत्येक पाकीट त्याच पुलावरून दोनदा जातंय, एकदा पीसीकडून राउटरकडे आणि परत राउटरकडून टॅबकडे. त्यात तुझा पीसी बेडरूममध्ये, दार बंद, मधे भिंत, आणि मी पैज लावतो की पीसीचा अँटेना टेबलाखाली भिंतीला चिकटलेला आहे आणि बाजूला लोखंडी कपाट आहे. लोखंडी कपाट म्हणजे वायफायचा वैरी नंबर एक, भिंतीपेक्षा वाईट.

तर पहिलं काम, पीसीला केबल. बाकी काही करू नकोस, आधी एवढंच कर. कॅट फाइव्ह-ई घे नाहीतर कॅट सिक्स घे, घरातल्या अंतराला दोन्ही एक गिगाबिट देतात, शंभर मीटरपर्यंत देतात. कॅट सेव्हन, कॅट एट असलं काहीतरी सोनेरी टोकं लावून ऑनलाइन विकतात त्याच्या नादी लागू नकोस. एकच बघ, केबल शुद्ध तांब्याची घे. बाजारात स्वस्तातली जी येते ती बहुतेक ॲल्युमिनियमवर तांब्याचा मुलामा असते, ती क्रिम्प करताना (टोकाला कनेक्टर दाबून बसवताना) वाकवली की आत तुटते आणि मग कधी लागते कधी नाही. दुकानदाराला सीसीए, म्हणजे ती मुलाम्याची, नको असं सरळ म्हण, त्याला कळतं.

चिंचवडमध्ये एकांकडे गेलेलो, त्यांच्या मुलाची हीच तक्रार. सहा अँटेनावाला कोळ्यासारखा दिसणारा गेमिंग राउटर घेऊन झालेला, किंमत ऐकून धडकी भरेल इतका महाग. केसिंग पट्टीतून अठरा मीटर केबल ओढली, पाऊण तास काम, मुलगा खेळायला बसला तो मी चहा पिऊन निघालो तरी उठला नाही. वडील मला दारात विचारत होते की मग त्या राउटरचं काय करायचं आता. काय सांगणार. म्हटलं असू दे, चांगला आहे.

भाड्याचं घर असेल, भिंतीला भोक पाडायला मालक देत नसेल, तर चपटी कॅट सिक्स केबल मिळते, ती दाराच्या फटीतून आणि स्कर्टिंगच्या कडेने जाते. घरात आधीच कुणी केबल टाकून ठेवलेली असेल आणि ती चारच तारांवर क्रिम्प केलेली असेल (जुने केबलवाले असंच करायचे, उरलेल्या चार तारा दुसऱ्या घराला), तर पीसीवर १ गिगाबिटऐवजी १०० मेगाबिट दिसेल. घाबरू नकोस, २०-३० मेगाबिटच्या स्ट्रीमला ती पण चालते. विजेच्या सॉकेटमधून नेट नेणारे ॲडॅप्टर येतात, ते मी आपल्याकडच्या घरांत सुचवत नाही, इन्व्हर्टरचं वायरिंग वेगळं असतं, वरच्या-खालच्या फेजचा घोळ असतो, कधी झकास चालतं आणि मिक्सर सुरू केला की मेलं. आणि हॉलमध्ये वायफायच नीट पोचत नसेल तर जुना राउटर माळ्यावर पडला असेल तो काढ, पण त्याचं पुढे सांगतो.

केबल टाकल्यावर अर्ध्याहून जास्त लोकांचा विषय इथेच संपतो. उरलेल्यांसाठी पुढचं, राउटर ते टॅब.

फायबर बसवायला येणारा पोरगा डबा कुठे ठोकतो, तर जिथे त्याची वायर घरात शिरली तिथेच. चपलांच्या कपाटावर, मीटरच्या पेटीशेजारी, टीव्हीच्या मागे. त्याला पुढच्या घरी जायचं असतं. मग त्या डब्यातून वायफायचा वेगवान ५ गिगाहर्ट्झ बँड सोफ्यापर्यंत नीट पोचतच नाही आणि टॅब गुपचूप गर्दीच्या २.४ वर उतरतो. दोन्हीचं नाव एकच ठेवलेलं असतं त्यामुळे तुला कळत पण नाही. म्हणून राउटरच्या सेटिंगमध्ये जाऊन दोन्ही बँडची नावं वेगळी कर, टॅबला फक्त ५ चं नाव माहीत असू दे, २.४ चं ‘विसरा’ करून टाक. २.४ मध्ये एकमेकांना न भिडणारे चॅनल तीनच, १, ६ आणि ११, आणि सोसायटीत वीस राउटर दिसत असतील तर ते सगळे त्या तिघांतच कोंबलेले असतात, वर ब्लूटूथ पण तिथेच, मायक्रोवेव्ह पण तिथेच. ब्लूटूथ कंट्रोलर आणि ब्लूटूथ हेडफोन लावून २.४ वर गेम स्ट्रीम करायचा म्हणजे विसर्जनाच्या दिवशी मिरवणुकीच्या मधून स्कूटर काढण्यासारखं आहे.

५ गिगाहर्ट्झमध्ये चॅनल ऑटोवर ठेवू नकोस. ५२ ते १४४ मधले चॅनल रडारसोबत वाटून घेतलेले आहेत, राउटरला रडारसारखं काही ऐकू आलं की त्याला ताबडतोब चॅनल सोडून पळावं लागतं, नियमच आहे तसा, आणि खेळता खेळता तुझं सगळं काही सेकंद गुल. ३६ ते ४८ किंवा १४९ ते १६१ मधला पकड. आणि चॅनलची रुंदी ८० मेगाहर्ट्झवरून ४० वर आणून बघ, लोकांना हे उलटं वाटतं कारण स्पीडटेस्टचा आकडा कमी होतो, पण रुंद रस्ता म्हणजे शेजाऱ्यांची जास्त धडक, आणि आपल्याला ४० मध्येही २० मेगाबिटची सोय दहा वेळा होते.

आयपॅड असेल तर खास एक गोष्ट. ॲपलची उपकरणं एअरड्रॉपसाठी मधूनमधून दुसऱ्या चॅनलवर कान लावून येतात, तेवढा वेळ तुझ्या स्ट्रीमकडे लक्ष नाही, आणि एकदम ठरावीक अंतराने बारीक झटका बसतो, घड्याळ लावल्यासारखा. ते ज्या चॅनलांवर ऐकतात त्यातलाच एक १४९ आहे, म्हणून राउटर १४९ वर ठेवला की त्याला कुठे जावं लागत नाही. मला हे कळायला दोन महिने लागले होते, तोपर्यंत मी केबल, राउटर, पीसी सगळ्यांना शिव्या घालून झालो होतो. अँड्रॉइडवर याचा भाऊ आहे, लोकेशनच्या सेटिंगमध्ये आत ‘वायफाय स्कॅनिंग’ म्हणून चालू असतं, ते बंद कर, बॅटरी सेव्हर पण बंद.

आता तो जुना राउटर. तो हॉलमध्ये ॲक्सेस पॉइंट, म्हणजे नुसतं वायफाय देणारा डबा, म्हणून लावायचा, मुख्य डब्यापासून केबल आणून त्याच्या लॅन पोर्टमध्ये, वॅन (इंटरनेटवाल्या) पोर्टमध्ये नाही, आणि त्याचं डीएचसीपी, म्हणजे उपकरणांना आयपी पत्ते वाटायचं काम, बंद. हे नाही केलंस तर घरात दोन वेगळी नेटवर्क होतात, पीसी एका बाजूला आणि टॅब दुसऱ्या बाजूला, आणि मूनलाइट म्हणतं की पीसी सापडत नाही. मला येणाऱ्या फोनमध्ये ‘पीसी दिसतच नाही’ हे निम्मे फोन, आणि त्यातल्या निम्म्यांकडे कंपनीचा डबा आणि स्वतःचा राउटर असे दोन्ही राउटर बनून बसलेले असतात. उरलेल्यांनी टॅब गेस्ट वायफायला जोडलेला असतो. केबल न आणता नुसता भिंतीतल्या सॉकेटला लावायचा रिपीटर मात्र घेऊ नकोस, तो तोच पूल आणखी एकदा ओलांडायला लावतो.

ॲपबद्दल. तू मूनलाइट घेतलंस ते बरोबर. हे आधी लाइमलाइट होतं, अमेरिकेतल्या केस वेस्टर्न विद्यापीठाच्या पोरांनी हॅकेथॉनमध्ये सुरू केलेलं, एन्व्हिडियाची स्वतःची गेमस्ट्रीम सोय होती तिच्याशी बोलणारं. एन्व्हिडियाने ती २०२३ च्या फेब्रुवारीत बंद करायला घेतली, तेव्हापासून पीसीच्या बाजूला सनशाइन टाकायचं, तेही फुकट आणि ओपन सोर्स, आणि एएमडी-इंटेलवरही चालतं. जुने व्हिडिओ बघून जीफोर्स एक्सपीरियन्समध्ये शील्डचं पान शोधत बसू नकोस, मिळणार नाही. स्टीम लिंक पण वाईट नाही, फोनवर २०१८ ला आलं, ॲपलने वर्षभर अडवून ठेवलेलं, मग २०१९ मध्ये आयफोनवर आलं. सेटिंगची कटकट नको आणि सगळे गेम स्टीमवरच आहेत असं असेल तर स्टीम लिंकच लाव, फोनवर बोटाने खेळायची बटणं त्यात जास्त चांगली बसवता येतात. मी मूनलाइट वापरतो कारण त्यात नेमकं कुठे दुखतंय ते दिसतं.

ते असं दिसतं. मूनलाइटच्या सेटिंगमध्ये खेळताना आकडे दाखवायची सोय आहे, ती चालू कर. त्यात तीन-चार ओळी कामाच्या. नेटवर्कचा वेळ बघ, केबलवरचा पीसी आणि चांगलं ५ गिगाहर्ट्झ असेल तर माझ्याकडे २ ते ५ मिलिसेकंद असतो, आणि त्यापुढे चढउतार किती ते लिहिलेलं असतं, तो चढउतार महत्त्वाचा, ४ अधिक-उणे १ म्हणजे तूप, ४ अधिक-उणे ३० म्हणजे तुझी सध्याची अवस्था. मग नेटवर्कमुळे टाकलेल्या फ्रेमची टक्केवारी, ती शून्याला चिकटून हवी. मग डिकोडचा वेळ, म्हणजे टॅबला दाबलेलं चित्र उलगडायला किती लागतो, चांगल्या चिपला ३ ते ८, स्वस्तातल्या टॅबला २०-२५ पण बघितलाय. तो १६ च्या वर असेल तर साठ एफपीएस त्या टॅबला बहुतेक झेपत नाही, मग रिझोल्यूशन उतरव, आणि तेव्हाच, आणि फक्त तेव्हाच, टॅब बदलायचा विचार कर. आणि पीसीकडचा वेळ, म्हणजे चित्र उचलून दाबायला लागणारा, तो १० च्या खाली असला की विसरून जा.

पीसीकडचा वेळ वाढलेला दिसला तर कारण जवळजवळ नेहमी एकच, गेमने ग्राफिक्स कार्ड ९९ टक्क्यांवर नेऊन ठेवलंय आणि चित्र उचलून पाठवायला श्वासच उरलेला नाही. गेममध्ये एफपीएस ६० ला बांधून टाक. पाठवतोयस साठ आणि पीसी तिकडे १३० काढतोय, हा शहाणपणा कशाला? पंखा पण कमी ओरडेल.

बिटरेट, म्हणजे सेकंदाला किती मेगाबिट पाठवायचे. सगळे हा पट्टा उजवीकडे ओढतात. मूनलाइट १०८०पी साठला स्वतःहून २० देतं, तिथेच ठेव, कोडेक (चित्र दाबायची पद्धत) एचईव्हीसी निवड, १० इंचाच्या काचेवर २० आणि ८० मधला फरक मला तरी गवतात आणि पावसात सोडून कुठे दिसत नाही. एव्ही१ चा पर्याय दिसेल पण ३०६० ला ते बनवता येत नाही, ते ४० मालिकेपासून. आणि चित्र फुटत असताना बिटरेट वाढवणं म्हणजे गटार तुंबल्यावर नळ मोठा करणं.

टॅबचा आकार पण बघ. पीसी १६:९, अँड्रॉइड टॅब बहुतेक १६:१०, आयपॅड जवळपास ४:३, फोन २०:९, त्यामुळे काळ्या पट्ट्या येतात. पीसीला आभासी मॉनिटर लावला की टॅबच्याच मापाचं चित्र तयार होतं. सनशाइनचीच अपोलो नावाची एक फांदी आहे, तिच्यात ही सोय आतच दिलेली आहे, जोडलं की टॅबच्या मापाचा मॉनिटर उगवतो, सोडलं की जातो. पीसीला मॉनिटरच नसेल किंवा लॅपटॉप झाकण लावून ठेवायचा असेल तर एचडीएमआयचं डमी प्लग मिळतं काही शे रुपयांत, ते लावलं की पीसीला वाटतं मॉनिटर आहे. फोनवर खेळणार असशील तर १०८०पीचा हट्ट सोड, ७२०पी कर, काही गेममधली अक्षरं मोठी होतात. साडेसहा इंचावर १०८०पी मध्ये आरपीजीच्या सामानाची यादी वाचायची म्हणजे आजोबांचं पंचांग वाचण्यासारखं आहे.

कंट्रोलर शक्यतो टाइप-सीला थेट लागणारा घे, फोन मधे अडकवायचे येतात ते उत्तम, ब्लूटूथपेक्षा कमी उशीर आणि चार्जिंगची चिंता नाही. टॅबला ब्लूटूथच लागेल, चालेल, फक्त टॅब ५ गिगाहर्ट्झवर हवा. आवाज मात्र ब्लूटूथवर नको. साध्या ब्लूटूथ हेडफोनला दीडशे-दोनशे मिलिसेकंद उशीर असतो, तू नेटवर्कमध्ये चार मिलिसेकंद वाचवायला रात्र घालवलीस आणि तलवार लागल्यावर आवाज नंतर येतोय, मग तुला सगळंच लॅग वाटणार. अनेकांचा ‘लॅग’ हा खरं तर कानाचा असतो. वायरवाले लाव. कीबोर्ड लागला तर मूनलाइटमध्ये तीन बोटांनी टॅप कर, येतो, हे कुणी सांगत नाही.

आता पुणे. इथे मात्र इंटरनेट मधे येतं, आणि तुझा डाउनलोडचा आकडा कामाचा नाही, घरचा अपलोड बघ, कारण चित्र घरातून बाहेर जाणार. फायबरला बहुतेक अपलोडही तेवढाच असतो, त्यामुळे तिथे तू सुखी आहेस. अडचण दुसरीच आहे, आपल्याकडचे बरेच फायबरवाले अनेक घरांना मिळून एकच सार्वजनिक आयपी देतात, सीजीनॅट म्हणतात त्याला, राउटरच्या स्टेटस पानावर आयपी १००.६४ ते १००.१२७ यातला दिसला तर समज तू त्यात आहेस. मग पोर्ट फॉरवर्डिंगचे (राउटरमध्ये बाहेरून आत यायचं दार उघडायचे) व्हिडिओ बघून कितीही डोकं आपट, बाहेरून दार उघडत नाही. आणि उघडत असलं तरी उघडू नकोस, सनशाइनचं सेटिंगचं पान ४७९९० पोर्टवर असतं, ते जगाला दाखवायची गोष्ट नाही.

लांबलांबची उपकरणं एका खाजगी नेटवर्कमध्ये जोडणारं टेलस्केल टाक, पीसीवर आणि टॅबवर, एकाच खात्याने लॉगिन, आणि मूनलाइटमध्ये पीसीचा टेलस्केलवाला आयपी हाताने घाल. घरगुती वापराला फुकट आहे. फक्त एक तपास, दोन्ही उपकरणं थेट जोडली गेलीत की टेलस्केलच्या मधल्या सर्व्हरवरून, म्हणजे रिलेवरून, जातायत. पीसीवर कमांड उघडून टेलस्केल पिंग दिलं की ‘डर्प’ असा शब्द दिसला तर रिलेवरून आहे, गेम जमणार नाही, थेट आयपी दिसला तर जमेल. दोन्ही बाजूंना आयपीव्ही६ (आयपी पत्त्यांची नवी पद्धत) चालू असलं तर थेट जोडणी व्हायची शक्यता खूप वाढते, म्हणून राउटरमध्ये कुणी ते बंद केलं असेल तर चालू कर. माझ्या घरून पुण्याला फायबर ते फायबर मला १५ ते ३० मिलिसेकंद मिळतात, ७२०पी, १० मेगाबिट, त्यावर मी शेतीवाले, पत्त्यांचे, पाळीपाळीने खेळायचे गेम मजेत खेळतो, हेडीस पण खेळलोय. गोळीबाराचे ऑनलाइन गेम असे खेळू नकोस, घरात पण नको, तिथे समोरचा मॉनिटरसमोर बसलाय आणि तू हरून मला शिव्या घालशील.

मोबाइल डेटावर खेळणार असशील तर आधी गुणाकार कर. २० मेगाबिट म्हणजे तासाला ९ जीबी. रोजचा दोन जीबीचा पॅक तेरा मिनिटांत साफ.

आणि बाहेरून पीसी सुरू कसा करायचा हे लोक तिथे पोचल्यावर आठवतात. वेक-ऑन-लॅन, म्हणजे नेटवर्कवरून पीसी उठवणं, चालतं, बायोसमध्ये (पीसीच्या मूळ सेटिंगमध्ये) चालू करायचं, विंडोजमधलं फास्ट स्टार्टअप बंद करायचं, पीसी केबलवर हवा. पण तो उठवायचा संदेश टेलस्केलमधून पलीकडे जात नाही, घरात दुसरं काहीतरी कायम चालू लागतं जे तो पाठवेल, रास्पबेरी पायसारखा छोटा संगणक असो, नाहीतर काही राउटरमध्येच बटण असतं. बायोसमध्ये लाईट गेल्यावर परत आली की पीसी आपोआप सुरू व्हायची सोय पण असते, ती मी चालू ठेवतो, कारण आमच्याकडे पावसाळ्यात लाईट दिवसातून तीनदा जाते आणि मी बाहेरगावी असलो की आईला फोन करून ‘ते काळ्या डब्यावरचं गोल बटण दाब’ सांगावं लागायचं. तिने एकदा इन्व्हर्टरचं दाबलं. राउटरला मात्र छोटा यूपीएस लावच, बारा व्होल्टचे येतात, हजार-पंधराशेच्या आसपास.

तर आज रात्री एवढंच कर, नवीन काही विकत न घेता. कुठूनतरी लांब केबल उसनी आण, दार उघडं ठेवून जमिनीवरून पसरव, पीसी राउटरला जोड, टॅब राउटरच्याच खोलीत घेऊन बस, ५ गिगाहर्ट्झवर, आणि दहा मिनिटं खेळ. मग टॅब घेऊन सोफ्यावर ये आणि परत दहा मिनिटं. दोन्हीकडचा नेटवर्कचा वेळ, चढउतार, टाकलेल्या फ्रेमची टक्केवारी आणि डिकोडचा वेळ लिहून मला पाठव. राउटरच्या खोलीतच फुटत असेल तर डिकोड बघू, सोफ्यावर आल्यावर फुटत असेल तर राउटर हलवायचा का तो माळ्यावरचा खाली काढायचा ते ठरवू, आणि दोन्हीकडे नीट चाललं तर घराच्या कडेकडेने मोजपट्टी लावून किती मीटर केबल लागेल ते मोज, वळणांना दोन मीटर जास्त धर.